उन्हातली बरणी

माझी मुलगी सृष्टी शेपू खाते, हे मला मंगळवारी दुपारी कळलं. एकोणीस वर्षांची घोडी झाली, पण शेपूची जुडी घरात आली की ओढणी नाकाला लावून बाहेर पायरीवर जाऊन बसायची. मी काय काय म्हणून केलं नाही! मुगाची डाळ घालून केला, लसणाची चरचरीत फोडणी दिली, थालीपिठात लपवला, एकदा तर धपाट्यात मेथी म्हणून खपवायला गेले. पहिल्याच घासाला तिला कळायचं आणि ताट पुढं सरकायचं. "आई, तू मला फसवतेस," म्हणायची. आणि मंगळवारी मी मार्केट यार्डातून भाजी घेऊन, टेम्पोवाल्याशी हुज्जत घालून, घामाघूम होऊन मागच्या दारानं आत येते तर ही बया ओट्याला टेकून उभी, हातात बशी, बशीत उकडून परतलेल्या पांढऱ्या करंज्या. आणि म्हणते कशी, "काकू, अजून दोन दे ना. वरून ते हिरवं पण टाक." ते हिरवं! कच्चा शेपू होता तो, बारीक चिरून दह्यावर भुरभुरलेला. तिनं चिमटीनं उचलून नुसताच जिभेवर ठेवला आणि डोळे मिटले. मी दारात दोन्ही हातांत पिशव्या धरून उभी होते. हाताला वळ पडले तरी पिशव्या खाली ठेवायचं सुचलं नाही.

काकू म्हणजे माझी धाकटी जाऊ, दिपाली. माझा दीर रविराज चार वर्षं पोलंडमध्ये एका कोरियन कारखान्यात मशीनवर होता आणि ही त्याच्याबरोबर. जानेवारीत कारखान्यानं माणसं कमी केली, आणि दोघं दोन मोठ्या बॅगा घेऊन सावेडीत आमच्या दारात उभी राहिली. थोडे दिवस, म्हणाली. थोडे म्हणजे किती ते घरात कुणीच विचारलं नाही. मीही नाही, कारण मी विचारलं असतं तर मीच वाईट ठरले असते. खालच्या मजल्यावर माझी मेस आहे, अकरा वर्षं झाली. बाहेर पाटी आहे, ‘रुपाली भोजनालय’, आणि रुपाली म्हणजे मी. आमच्या ह्यांनी, मच्छिंद्रनी, पाटी रंगवून आणली त्या दिवशी मी रस्त्याच्या पलीकडं जाऊन दहा मिनिटं नुसती बघत उभी होते. तेव्हा दोन्ही वेळचे मिळून शंभर डबे जायचे. आता पोरं मोबाईलवरून मागवतात. माझ्याकडं उरलेत ते पथ्यवाले आणि बायको माहेरी गेलेले. अशात वाल्मिक आला. वाल्मिक पारनेरचा, ह्यांचा वर्गमित्र, सुप्याच्या एमआयडीसीतल्या एका कंपनीत कॅन्टीनचं बघतो. नवी मशीनं बसवायला तिथं कोरियाची आणि पोलंडची मिळून बावीस माणसं आली होती, वर्षभर राहणार होती, आणि आपल्या मसाल्यानं त्यांची पोटं बिघडली होती. त्यांच्या जिभेचं दुपारचं जेवण पाहिजे, तेही ताट एकशे तीस रुपयांत. वाल्मिक माझ्याकडं आला होता. चहा मी केला. पण त्यानं पोलंडचं नाव काढल्याबरोबर आतून दिपाली ओले हात पुसत बाहेर आली, आणि मग तासभर तो तिच्याशीच बोलत बसला. "गुरुवारी दोन साहेबांना जेवायला आणतो. त्यांना पसंत पडलं तर काम तुमचं," जाताना म्हणाला. तुमचं म्हणजे कुणाचं? मी तिथल्या तिथं विचारायला पाहिजे होतं.

मला ते काम पाहिजे होतं. कशाला खोटं बोलू, ते मिळालं नसतं तर जूनमध्ये मेसला कुलूप लावायची वेळ होती. आणि मला ते काम तिच्यामुळं मिळायला नको होतं. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या आणि त्यातली एकही मी कुणाला सांगू शकत नव्हते. ह्यांना सांगावं तर ते म्हणणार, अगं घरातच राहतंय की सगळं. घरात! घरात म्हणजे काय, मी घराच्या बाहेर राहते का? शेपू खाल्ल्यावर दिवसभर कसा त्याचाच ढेकर येतो, आपण वेगळ्याच कामात असतो, कुणाशी तरी नीट हसून बोलत असतो, आणि मध्येच घशाशी तो वास. तसं मला दोन महिने होत होतं. ती माझी चहाची गाळणी वापरायची आणि जाग्यावर नीट टांगून ठेवायची, तरी व्हायचं. तिनं गाळणी चुकीच्या खिळ्याला टांगली असती तर बरं वाटलं असतं. निदान बोलायला जागा झाली असती.

रविवारी तिनं कोबी केला होता. त्याला किमची म्हणतात. पोलंडमध्ये तिच्या शेजारी एक कोरियन बाई राहायची तिनं शिकवला, आणि खालच्या मजल्यावर एक पोलंडची म्हातारी होती तिनं बाकीचं. "दोघींकडं कोबीच कोबी, ताई. तिथं वसंत म्हणजे काय, बर्फ गेला की नवे बटाटे, मुळे, कांद्याची पात आणि शेपू. आपल्याकडं आत्ता हेच तर स्वस्त आहे," असं म्हणत ती माझ्या परातीत कोबीच्या फोडी मिठाच्या पाण्यात भिजवत होती. तिथली मिरची इथं मागवली तर ताटाचं गणित बसणार नाही म्हणून तिनं बेडगीची भरड केली. तांदळाच्या पिठाची खळ शिजवून त्यात लसूण, आलं, गुळाचा खडा, मुळ्याच्या आणि गाजराच्या काड्या कालवल्या, आणि कोपरापर्यंत लाल होऊन ते सगळं कोबीला चोळत बसली. घरातली सगळी तिच्याभोवती. सृष्टी मोबाईलवर तिचं शूटिंग करत होती. माझं कधी केलं नाही हो. मी पन्नास माणसांची पुरणपोळी लाटते तेव्हा हिचं तोंड मोबाईलमध्येच असतं, पण मोबाईल माझ्याकडं नसतो. सासूबाईसुद्धा गुडघे धरत येऊन पाटावर बसल्या. सोनईच्या आहेत, बनुबाई, चौऱ्याहत्तर वर्षांच्या, आणि जिभेच्या फार कडक. त्यांनी एक फोड उचलून दाताखाली धरली, चावली आणि म्हणाल्या, "लई झ्याक हाय गं. हाताला चव हाय तुझ्या." चोवीस वर्षं! चोवीस वर्षं मी त्या बाईला दोन वेळचं वाढते आहे. मीठ कमी पडलं तर कळतं, कारण तेवढंच बोलतात. बरोबर पडलं तर गप जेवतात. मी इतकी वर्षं त्या गप्प बसण्यालाच कौतुक समजत आले होते, आणि त्या बाईला शब्द येत होते की!

माझ्या आईचंही असंच होतं. पुणतांब्याला आमचं घर गोदावरीच्या घाटापासून फार लांब नव्हतं. बाजूला चुलतीचं घर, मध्ये नुसती कुडाची भिंत. चुलती भाकरी थापायची तो आवाज आमच्या चुलीपाशी ऐकू यायचा, आणि आई म्हणायची, ऐक, हाताला कसा ताल आहे तिच्या. मी तेव्हा नऊ वर्षांची असेन. त्या ताल शब्दानं माझ्या अंगावर काटा यायचा. मी शाळेतून आल्यावर एकटी बसून भाकरी थापायची, ती तुटायची, परत गोळा करून थापायची, हाताची आग आग व्हायची. एक दिवस अशी भाकरी जमली, पापुद्रा टम्म सुटलेली, कडेला एक भेग नाही. आईनं ती मोडली, खाल्ली आणि मला म्हणाली, जा, चुलतीला नेऊन दाखव, तिला बरं वाटेल. तिला! मी गेले नाही. मी ती उरलेली भाकरी गोठ्यात म्हशीला घातली. आई आता नाही. मला तिची आठवण येते तेव्हा तिचा चेहरा आधी येत नाही. आधी तो भिंतीपलीकडचा थापण्याचा आवाज येतो.

तर मंगळवारी सृष्टीनं शेपू खाल्ला आणि बुधवारी सकाळी मी ती बरणी गच्चीवर नेली. असं सरळ सांगितलं की किती सोपं वाटतं. बरणी फ्रिजमध्ये होती, वर दिपालीच्या अक्षरात चिकटवलेली चिठ्ठी: ‘फ्रिजमध्येच ठेवणे. बाहेर काढू नये.’ तिला ती किमची गुरुवारी तशीच वाढायची होती, करकरीत, थोडीशीच आंबट. कोरियन साहेबांना कोवळीच आवडते, म्हणाली होती. दहा वाजता ती आणि रविराज बँकेच्या कामाला बाहेर पडले. ह्यांना मी गॅसच्या टाक्यांच्या मागं लावून दिलं होतं. सासूबाई पोथी घेऊन बसल्या होत्या. गच्चीवर माझं वाळवण घातलेलं होतं, कुरडया, बटाट्याचा कीस, एका कोपऱ्यात मिरच्या. कुणी विचारलंच तर उत्तर तयार होतं. आमच्यात लोणच्याची बरणी उन्हात ठेवतात, आईनं ठेवली, सासूबाईंनी ठेवली, मला वाटलं हिचंही लोणचंच. अडाणी ठरले असते फार तर. अडाणी ठरायला माझी हरकत नव्हती. मी बरणी पोटाशी धरून जिना चढले. काच गार होती, पदर ओला झाला, आणि पंचवीस पायऱ्यांत मी तीनदा थांबले. गच्चीचं दार ढकललं तर उन्हाचा भपकारा आला तोंडावर. मार्च संपत आलेला, चाळीसला टेकलेलं ऊन. टाकीच्या पलीकडं, जिथं सावली दिवसभरात येतच नाही, तिथं मी ती ठेवली. क्षणभर वाकून बघितलं. लाल रस, त्यात कोबीची पांढरी पानं, आणि काठाशी दोन बारीक बुडबुडे. नास, मी म्हणाले. तोंडानं म्हणाले, मोठ्यानं. खालच्या गल्लीत भंगारवाला ओरडत होता म्हणून कुणाला ऐकू गेलं नसेल.

पुढं दिवसभर मी जे काही केलं ते फार छान केलं, हे सांगायला पाहिजे. तीस डबे वेळेवर गेले. सासूबाईंच्या गुडघ्याला तेल लावलं. दिपाली बाराच्या सुमाराला परत आली ती उन्हानं लाल होऊन, तर मी तिला लिंबू सरबत करून दिलं आणि वर विचारलं, साखर पुरे का. ती म्हणाली, "ताई, तुम्ही किती करता." मला तिच्या डोळ्यांकडं बघता आलं नाही, मी तिच्या हातांकडं बघितलं. बेडगीचा रंग अजून नखांच्या कडांना होता. मनात मी आकडेमोड करत होते. साडेबारा, अजून पाच तास ऊन. दीड. आता बुरशी धरली असेल. आता वास सुटला असेल. गुरुवारी साहेबांच्या पुढं तिनं झाकण उघडलं की कसे नाक मुरडतील, वाल्मिक कसा ओशाळेल, आणि मग मी आतून पिठलं-भात घेऊन येईन, अगदी कमी तिखटाचं, आणि म्हणेन, राहू द्या हो, मुलगी नवीन आहे. माझ्या मनात तिला मी अशी सांभाळून घेत होते! मग मध्येच आठवायचं की साहेब नाक मुरडून गेले तर काम गेलं, मेस गेली, पाटी गेली. आणि तरीही मी वर जाऊन बरणी उचलली नाही. दिपाली दुपारी वर गेली होती, वाळलेले कपडे काढायला. मी जिन्याखाली उभी राहिले. ती कपड्यांचा ढीग घेऊन खाली आली, घड्या घातल्या, माझ्या साड्या वेगळ्या ठेवल्या. टाकीपलीकडं तिचं लक्ष गेलं नसणार, असं मी धरून चालले. संध्याकाळी दिवेलागणीच्या आधी मी बरणी खाली आणली. हाताला वाटलं होतं तेवढी तापलेली लागली नाही. गच्चीवर वारा सुटला होता, त्यानं निवली असेल म्हटलं, आणि फ्रिजमध्ये होती तिथं, होती तशी, चिठ्ठी पुढं करून ठेवून दिली.

गुरुवारी सकाळी तिनं झाकण फिरवलं तेव्हा मी चार हातांच्या अंतरावर पीठ मळत होते. फस्स असा आवाज आला. आंबूस वास आला, पण कुजका नाही. आंबोळीचं पीठ फुगल्यावर येतो तसा, त्याहून तिखट. तिनं चमच्यानं थोडं घेतलं, जिभेवर ठेवलं, आणि बराच वेळ भिंतीवरच्या कॅलेंडरकडं बघत उभी राहिली. माझे हात पिठातच थांबले. "आंबट झालंय," ती म्हणाली. मी म्हटलं, "अगं बाई! मग आता?" किती सहज म्हटलं. माझ्यात एवढी नटी असेल असं मला वाटलं नव्हतं. ती म्हणाली, "असं नुसतं वाढता येणार नाही. सूप करते याचं. ती खालची म्हातारी आंबवलेल्या कोबीचंच करायची, बटाटा घालून. तिच्याकडं मिरची नसायची, एवढाच फरक." आणि लागली कामाला. नव्या बटाट्यांची सालं न काढताच फोडी केल्या, गाजर, कांद्याची पात, लसूण तेलात परतला आणि तो सगळा आंबट लाल कोबी रसासकट पातेल्यात ओतला. पंधरा मिनिटांत घरभर असा वास सुटला की पोथी मिटून सासूबाई आत आल्या. मी नासवायला ठेवलं होतं हो. मी नासवलेल्या गोष्टीचा असा वास येत होता.

मग मी करंज्यांना बसले. पिएरोगी म्हणतात त्याला, पण करंजीच ती. मैदा आणि कणीक निम्मी निम्मी, आत उकडलेला बटाटा, घरी फाडलेल्या दुधाचं पनीर, कांद्याची पात आणि शेपू. पाण्यात उकडायच्या, मग तव्यावर थोड्या तेलात कडक करायच्या, आणि बरोबर सोया, व्हिनेगर आणि मिरचीची चटणी, ती कोरियाची. दिपाली काट्यानं कडा दाबत होती. मला ते बघवेना. मी म्हटलं सरक, आणि मुरड घातली. माझी मुरड बघायला दिवाळीत गल्लीतल्या बायका येतात. साठ करंज्या, एकीचीही कड उकलली नाही. काकडीची कोशिंबीर, मुळ्याच्या चकत्या, भात. एक वाजता वाल्मिक दोघांना घेऊन आला. कोरियन साहेब किम, बुटका, चष्म्याचा, हसरा. आणि पोलंडचा मारेक, दाराला डोकं लागेल एवढा उंच, उन्हानं नाक सोललेला. बसले. मारेकनं करंजी दोन बोटांत धरली, एका घासात आत. दुसरी. तिसरी. मी मोजत होते, नऊ खाल्ल्या. मुरडीकडं मेल्यानं एकदाही बघितलं नाही. आणि मग त्यानं सुपाचा वाडगा तोंडाला लावला आणि थांबला. वाडगा खाली ठेवला. किम साहेबांकडं वळून काहीतरी बोलला. किम साहेबांनी प्यायलं, चष्मा काढून पुसला, परत प्यायलं, आणि दोघं एकदम हसायला लागले. त्यांचं ते इंग्रजी वाल्मिकनं आम्हाला सांगितलं. "मारेक म्हणतो, हे त्याच्या आजीचं आहे. आणि किम साहेब म्हणतात, त्यांच्या आईचं आहे. वहिनी, बाकी काय द्यायचं ते द्या, पण हे रोज पाहिजे. अगदी असंच. कसं केलंय?"

मी दिपालीकडं बघितलं. आता ही सांगेल, म्हातारीची गोष्ट, बर्फाची गोष्ट, आणि संपलं. पाटी उद्याच बदलावी. तिनं पदर खोचला आणि म्हणाली, "ती ताईंची करामत आहे. मी किमची फ्रिजमध्ये ठेवली होती. ताईंनी काल बरणी गच्चीवर उन्हात ठेवली, आपल्याकडं लोणचं ठेवतात तशी. म्हणून हा आंबटपणा उतरलाय. मला हे सुचलंच नसतं." खोलीत सगळे माझ्याकडं बघायला लागले. मारेकनं छातीवर हात ठेवून मला मान लववली. सासूबाई म्हणाल्या, "व्हय गं? तू केलंस? म्हनूनच! जुनं हाड हाय ते, त्याला ठावं असतंय." आणि सृष्टी, माझी सृष्टी, वाडगा हातात घेऊन, "आई, तू? खरंच?" असं म्हणाली, आणि तिच्या चेहऱ्यावर ते होतं, जे मंगळवारी दुपारी काकूकडं बघताना होतं. मी या एका नजरेसाठी दहा वर्षं शेपू लपवत आले होते. ती मला मिळाली आणि मला सृष्टीकडं बघवेना. वाल्मिकनं कागद काढला. "काम कुणाच्या नावानं टाकू?" दिपालीच म्हणाली, "ताईंच्या. मेस त्यांची आहे." आणि मी? मी नको म्हटलं नाही. मी सही केली.

ते गेल्यावर ती मोरीत भांडी घासायला बसली. मी मागून जाऊन दार लोटलं. सासूबाई बाहेर डुलक्या घेत होत्या. "नासवायला ठेवली होती मी," मी म्हटलं. ती घासतच होती. "ऐकलंस का? लोणचं-बिणचं काही नाही. चिठ्ठी वाचून, मुद्दाम, नासावी म्हणून ठेवली होती." "माहितीये, ताई," ती म्हणाली. तिनं मागं वळून बघितलं नाही. "मी कपडे काढायला गेले तेव्हा बघितली. काच चटका बसेल एवढी तापली होती, अजून तासभर राहिली असती तर फेकून द्यावी लागली असती. मग मी गोणपाट भिजवून गुंडाळलं. दोनदा जाऊन परत भिजवलं. तुम्ही वर यायच्या आत काढून घेतलं." म्हणजे तेही तिचंच! मी तिथं उभी राहून हेच मनात म्हणाले, देवाशप्पथ सांगते. पश्चात्ताप वगैरे नंतर. आधी हे, की त्या सुपातली चवसुद्धा माझ्या पापाची नव्हती, तिच्या गोणपाटाची होती. सही माझी, मान लववली मला, आणि त्यात माझं म्हणून चिमूटभर काही नव्हतं. मी तिच्यावर ओरडले. "मग खाली का नाही आणलीस? मला विचारायचं ना! चार लोकांत मला उघडं पाडायचं ना!" तिनं नळ बंद केला. "आणि मग?" ती म्हणाली. "मग भांडण झालं असतं. आणि भांडण झाल्यावर आम्ही कुठं जायचं, ताई? ह्यांना काम नाही. माहेरी भावाच्या घरात दोन खोल्या. मी रोज सकाळी उठले की आधी बघते, आज तुमचा चेहरा कसा आहे. बरणी मी खाली आणली असती तर तुम्हाला कळलं असतं की मला कळलंय." तिचा आवाज चढला नाही. राखेनं भरलेले हात तिनं मांडीवर उताणे ठेवले होते. मी दोन महिने त्या हातांतली चव बघत होते. ते गाळणी जाग्यावर का टांगतात, हे मी बघितलं नव्हतं.

तेवढ्यात सृष्टी दार ढकलून आत आली. वाल्मिकचा फोन, सोमवारपासून बावीस ताटं, सूप नक्की. सोमवार म्हणजे चार दिवस. आजच कोबी लावायला पाहिजे होता. आम्ही दोघींनी बारा गड्डे चिरले, मीठ लावलं, खळ शिजवली. माझे हातही कोपरापर्यंत लाल झाले आणि आग आग व्हायला लागली. दोन मोठ्या बरण्या भरल्या. शनिवारी सकाळी ऊन चढल्यावर मी एक उचलली, तिनं दुसरी, आणि आम्ही जिना चढलो. टाकीपलीकडं ठेवल्या. ती गोणपाट घेऊन बादलीकडं वळली. कशानं कुणास ठाऊक, माझ्या घशाशी परत तो शेपूचा ढेकर आला, तिच्या हातात ते गोणपाट बघून. "दे इकडं," मी म्हटलं. "मी भिजवते." तिनं दिलं. मी बादलीत बुडवलं, वर काढलं, पाण्यानं जड झालेलं, आणि तसंच हातात धरून उभी राहिले. किती पिळायचं ते मला माहीत नव्हतं. ती बाजूलाच उभी होती, माझा चेहरा बघत. अकरा वर्षांत माझ्या मेसमधलं काही मी कुणाला विचारलं नव्हतं.

"किती ओलं ठेवायचं गं?" मी विचारलं.